त्रिकालज्ञानी घोरदंत

दर रविवारी दुपारी सांगलीच्या खासनीस सरांकडे फाशांचा खेळ जमायचा. खेळाडू योद्धे व्हायचे आणि सगळे राक्षस सर स्वतः व्हायचे. राक्षसांची कुळं, शाप, वरदानं असं सगळं त्यांच्या जाडजूड वहीत होतं, आणि त्या वहीवरून सरांचा तोरा तर विचारूच नका.

त्या रविवारी सरांनी घोरदंत नावाचा राक्षस काढला. त्यानं बघता बघता दोन योद्धे गिळले. उरली एकटी रेवती.

सर घसा खाकरून गरजले, "मी त्रिकालज्ञानी! मला उत्तर येणार नाही असा एक प्रश्न विचार. हरलो तर गिळलेले परत देईन. नाहीतर तुलाही गिळीन!"

"वहीत सगळी उत्तरं आहेत गं, संपलो आपण," गिळलेला सुहृद कुरकुरला.

रेवतीनं वीस बाजूंचा फासा मुठीत घेतला. "घोरदंत महाराज, आता मी हा टाकणार. किती पडतील?"

सरांनी वही चाळली. वहीत ते कुठलं असायला! अंदाजानं सांगावं, तर विसात एकोणीस वेळा तोंडघशी पडणार.

"अगं, फासा खेळाबाहेरचा. राक्षसाला त्याचं काय?"

"मघाशी सुहृदला गिळलंत, ते याच फाशावर ना?"

सर म्हणाले, "बरं, आधी टाक. मग सांगतो."

"पडल्यावर तर तुमच्या पोटातला सुहृदसुद्धा सांगेल, महाराज. त्याला राक्षस कशाला लागतो?"

सरांनी वही मिटली, आणि घोरदंतानं दोन्ही योद्धे ओकले.