मोटारीवरचा राग

वस्तू आपसांत भांडत आणि माणसांना त्यातलं काही ऐकू येत नसे, तेव्हाची गोष्ट. कुंदाताईंनी फरशी पुसायला वॉशिंग मशीन सरकवलं आणि परत भिंतीला लावलं. तेव्हापासून कपडे पिळले जाईनात. ड्रम जरासा फिरे, गुरगुरे आणि थांबे.

"मोटार आळशी झालीय," मशीनचा मागचा पाय ओरडला. "आम्ही एवढं ओझं पेलतो आणि हिला साधं फिरवता येत नाही."

"आत पाणी तुंबलंय. ते गेल्याशिवाय मी ड्रम फिरवू कशी?" मोटार संतापून म्हणाली.

"कारणं नकोत," असं म्हणत पाय आणखी घट्ट रोवून उभा राहिला. ओल्या चादरीही त्याच्याच बाजूने मोटारीला बोलू लागल्या. मोटार चिडून जोर लावत राहिली, तापली आणि जळका वास सुटला.

कुंदाताईंनी घाईने बटण बंद केलं आणि मशीन पुढे ओढलं. पाणी बाहेर सोडणारा पाइप मागच्या पायाखाली चेंगरला होता. तो सुटताच पाणी भसाभस वाहून गेलं. मोटार निवल्यावर त्यांनी मशीन पुन्हा लावलं, तसा ड्रम गरगर फिरला.

आता पाय काय बोलतो, याची मोटार वाट पाहत होती.

"बघितलंत?" पाय चादरींना म्हणाला. "ओरडल्याशिवाय ही कामच करत नाही."