चौकडीचे गोंडे

फार फार वर्षांमागची गोष्ट. एका तळ्याकाठच्या गावात एक बाई आपल्या लेकीबरोबर राहायची. लेकीचं नाव येसू. बाई हाताची कसबी, पण मनानं भारी धास्तावलेली. लेक नुसती शिंकली तरी ही काढा उकळायला धावायची.

त्या गावची एक रीत होती. भात घरात आलं की मुली तळ्याकाठी फेर धरायच्या, आणि फेर संपला की एकमेकींवर ओंजळींनी पाणी उडवायच्या. त्या दिवशी वेणीला गोंडे हवेतच. येसूकडे गोंडे नव्हते. आदल्या वर्षी ती सुतळीनं वेणी बांधून गेली, तर मुली म्हणाल्या, "अगं, गोठ्यातून सुटून आलीस का?" येसू फेर सोडून रडत घरी आली.

यंदा ती म्हणाली, "आई, मी जाणारच नाही."

आईनं धास्ती घेतली. आज लेक एकटी पडली, तर उद्या तिला बोलावणार कोण?

तिनं गाठोडं सोडलं. तळाशी तिच्या आईचं लुगडं होतं, निळ्या चौकडीचं. मधे विरलेलं, पण काठाजवळ अजून धड. तिनं बोटाएवढ्या रुंद पट्ट्या फाडल्या, त्यांची जुडी दुमडून दोऱ्यानं आवळली, आणि टोकांचे धागे सुईनं मोकळे केले. बघता बघता दोन झुपकेदार गोंडे तयार झाले.

येसूनं टाळ्या पिटल्या. "आजीच्या लुगड्याचे ना गं?"

"हळू बोल!" आई दचकली. "जुनेर डोक्यावर मिरवतेस म्हणून हसतील."

घाईघाईनं तिनं पळसाची वाळलेली फुलं उकळली आणि गोंडे केशरी करून टाकले. रंग पक्का व्हायला तुरटी लागते. ती घरात नव्हती. शेजारी मागायला जावं, तर शेजारीण विचारणार, कशाला हवी? म्हणून गोंडे तसेच वाळवले.

"कुणी विचारलं तर सांग, मामानं परगावाहून आणले."

"पण मला मामा कुठं आहे?"

"आजच्यापुरता आहे," आई म्हणाली.

फेर रंगला. येसूचे गोंडे सगळ्यांत उठून दिसत होते. पाटलाच्या लेकीनं विचारलं, "कुठून गं आणलेस?" येसू खाली बघत म्हणाली, "मामानं."

फेर संपला. पाणी उडालं. आणि येसूच्या मानेवरून, पाठीवरून केशरी ओघळ उतरले. रंग निथळला, तशी गोंड्यांतली निळी चौकडी उघडी पडली.

"मामानं जुनेर पाठवलं की गं!" पाटलाची लेक ओरडली. सगळीकडे हशा पिकला. येसूनं काठावर उभ्या असलेल्या आईकडे पाहिलं.

आईला वाटलं, पदर तोंडावर घेऊन पळून जावं. पण लेकीला तिथं टाकून जाणार कशी? ती पुढं झाली. "पोरीला हसू नका. खोटं मी शिकवलं. माझ्या आईचं लुगडं आहे ते."

तेवढ्यात गावची म्हातारी सुईण काठी टेकत आली. तिनं गोंडा हातात घेऊन निरखला.

"ही चौकडी माझ्या ओळखीची. येसू जन्मली तेव्हा ह्याच लुगड्यात गुंडाळली मी तिला. कोरं कापड बाळाला बोचतं, म्हणून पहिलं कापड जुनंच घ्यायचं असतं. तुम्हा सगळ्यांना मी जुनेरातच झेललंय. आणि तू गं पाटलाची! तू तर एवढी घाई केलीस, की हाताशी तुझ्या आज्याचा फाटका पटका तेवढा लागला!"

पुन्हा हशा पिकला. या वेळी येसूही हसली. पाटलाची लेक जराशी लाजली. मग येसूच्या आईजवळ येऊन हळूच म्हणाली, "काकू, तो पटका अजून आहे घरात. त्याचे होतील का गोंडे?"

पुढच्या वर्षी तळ्याकाठी पटक्याचे, धोतराच्या काठाचे, चोळीच्या खणाचे गोंडे डोलत होते. सगळे येसूच्या आईच्या हातचे. पळसाची फुलं मात्र तिनं पुन्हा उकळली नाहीत. आणि गोंडे कुठले म्हणून कुणी विचारलं, की येसू मान वर करून सांगायची, "आजीचे!"

तात्पर्य : जुनं वापरण्यात लाज नसते, ते लपवायला गेलं की फजिती होते.