जांभळीखालचं खोपट

"म्हणजे तुमच्यात माणूस गेलं की रडत नाहीत?"

विद्याधरबुवांनी विचारलं तेव्हा नवसूबाबा त्यांच्या पोटरीवरची जळू काढत होते. चिमूटभर मीठ पडलं तशी जळू गळून गेली. मागं रक्ताचा बारीक ओघळ राहिला.

"रडत्यात की."

"मग?"

"मग उठत्यात. चूल इझवत्यात. दार उघडं टाकत्यात आनि निघत्यात."

"कुठं?"

"दुसरीकडं. नवं खोपट बांधायचं. जुन्याकडं परत फिरकायचं न्हाई. मागं वळून बघायचं न्हाई. गेलेल्याचं नाव घ्यायचं न्हाई."

"वा!" बुवांच्या तोंडून निघून गेलं. "याला म्हणतात अनासक्ती."

नवसूबाबांनी मिठाची पुरचुंडी कमरेला खोचली आणि ते पुढं चालायला लागले.

बुवा साठी ओलांडलेले होते. गावोगावी त्यांची प्रवचनं व्हायची. आत्मा मरत नाही, शहाण्यानं शोक करू नये, हा त्यांचा हातखंडा विषय. गेल्या वर्षी त्यांचा एकुलता एक मुलगा, कौस्तुभ, साध्या तापाचं निमित्त होऊन गेला. तेराव्याला बुवा स्वतः बोलायला उभे राहिले. आवाज कापला नाही, डोळा भरला नाही. लोक थक्क झाले. जाताना पाया पडून गेले.

त्या दिवसापासून सुलभाताई त्यांच्याशी बोलत नव्हत्या. मुलाच्या खोलीत बसून असायच्या. तिथली चादरसुद्धा कुणाला बदलू द्यायच्या नाहीत.

बुवांना बोलायला उभं राहिलं की शब्द यायचे. पूर्वीसारखेच, रांगेनं. पण घरी परतताना त्याच शब्दांची त्यांना किळस यायची. ते साधूंकडं गेले, मठांत राहिले. कुणी जप दिला, कुणी अंगारा. जे मिळालं ते सगळं बुवांना आधीच पाठ होतं. शेवटी पुतण्यानं हात टेकले आणि त्यांना या सहलीला धाडलं.

सहल घाटमाथ्यावरच्या सदाहरित रानातली. मुक्काम करत चालायचं, रात्री रानातच राहायचं. मकरंद नावाचा तरुण वाटाड्या प्राणी-पक्षी दाखवायचा. रानातल्या माणसांची जगण्याची रीत दाखवायला नवसूबाबा बरोबर असायचे. बाबांचा जन्म याच रानातला. बुवांखेरीज पाहुण्यांत बर्वे नवरा-बायको होते, दोघांच्याही गळ्यात कॅमेरे.

रान असं दाट की ऊन जमिनीपर्यंत पोचतच नव्हतं. पाऊस थांबून बराच वेळ झाला तरी पानांवरून पाणी ठिबकत होतं. झाडांच्या बुंध्यांवर बोटभर शेवाळ. मध्येच एखादा सरडा पंखांसारखं कातडं पसरून या झाडावरून त्या झाडावर तरंगत जायचा आणि बर्वेबाई "अगं बाई!" म्हणायच्या.

दुपारी डोक्यावरून कुणी मोठा भाता ओढत न्यावा तसा आवाज गेला.

"धनेश!" मकरंद कुजबुजला. "विणीच्या दिवसांत याची मादी झाडाच्या ढोलीत शिरते आणि दार आतून लिंपून घेते. फटीतून चोच तेवढी बाहेर. नर फळं आणून भरवतो."

"आणि नर आलाच नाही तर?" बर्वेबाईंनी विचारलं.

"तर ती वाट बघते."

बर्वेसाहेबांनी भराभरा फोटो काढले. बुवा मात्र नवसूबाबांच्या पाठीकडं बघत होते. साधू-संन्याशांत जे सापडलं नाही ते हा माणूस कमरेला खोचून हिंडतोय, असं त्यांना वाटत होतं.

संध्याकाळी मुक्कामावर शेकोटी पेटली. मकरंदनं आग्रह केला आणि बुवा बोलले. सुंदर बोलले. "आपण भिंतींना मिठ्या मारून बसतो," ते म्हणाले, "आणि ही माणसं पाहा. घर सोडतात, नाव सोडतात, दुःखसुद्धा मागं ठेवून निघतात. मेलेलं माणूस मरत नाही, मग रडायचं कशासाठी? आपल्याला पोथ्या वाचून कळत नाही ते यांच्या रक्तात आहे."

बर्वेबाईंनी डोळे पुसले. नवसूबाबा काटकीनं निखारे सारखे करत होते. बोलणं संपल्यावर त्यांनी बुवांकडं एकदा पाहिलं. बराच वेळ पाहिलं...

मग ते पुन्हा निखाऱ्यांकडं वळले.

दुसऱ्या दिवशी ओढा ओलांडून सगळे पाड्यावर आले.

पाडा म्हणजे झाडांमधली मोकळी जागा आणि तिथं कारवीच्या कुडाची, सारवलेली, नीटनेटकी खोपटं. सहलवाल्यांनी पाहुण्यांसाठी बांधलेली. दारांवर तोरणं. आत बांबूची बाज, वर मच्छरदाणी.

"बुवा, तुम्हांला कडेचं," मकरंद म्हणाला. "जांभळीखालचं. एकदम शांत."

बुवांनी पिशवी टाकली, पाय धुतले, बाजेवर टेकले. तोच पावसाची सर आली. मोठी, आडवी सर. दारातून बाहेर बघतात तर नवसूबाबा अंगणापलीकडं उभे. डोक्यावर इरलं, पण गुडघ्यापासून खाली चिंब. वळचणीलासुद्धा आले नव्हते.

"बाबा, भिजताय कशाला? आत या."

नवसूबाबा हलले नाहीत.

"या हो. बाजेवर बसा. माझ्याजवळ बसा." बुवांचा आवाज चढला. "मी शिवाशिव मानत नाही!"

इरलं थोडं वर झालं.

"मी मानतो."

आयुष्यात असं बुवांना कुणी म्हटलं नव्हतं.

"माझी?"

"न्हाई..."

इरल्याखालून एक बोट निघालं. बुवांच्या मागं, खोपटाच्या आतल्या अंधाराकडं.

"तिची."

बुवांनी मागं पाहिलं. बाज, पिशवी, मच्छरदाणी. ते हळूच उठले, दाराबाहेर आले आणि पावसात नवसूबाबांशेजारी जाऊन उभे राहिले.

"कोण?"

"आमची मालकीन. हितंच गेली. पोटुशी व्हती. जिथं तुमची बाज हाय तिथं चूल व्हती."

"हे... हे तुमचं घर?"

"व्हतं. वस्तीच व्हती आमची हितं. ती गेली, आमी चूल इझवली, दार उघडं टाकलं, ओढ्यापल्याड नवं खोपट घातलं. मग रान राखीव झालं. सगळ्यांनाच खाली उतरवलं. सिमिटाच्या खोल्या दिल्या."

"आणि ही खोपटं?"

"सहलवाल्यांनी घातली. जुनी जोती आयती घावली त्यांना."

"तुम्ही सांगितलं नाहीत?"

"सांगितलं की. ते म्हनाले, पावन्यांना सांगा, त्यांना आवडंल."

पाऊस पडत राहिला. पलीकडच्या खोपटातून बर्वेबाईंचं हसणं ऐकू आलं.

"मग येता कशाला इथं?" बुवा जवळजवळ रागावूनच म्हणाले. "परत फिरकायचं नाही ना तुमच्यात?"

"चौकीवर एकट्याला आत सोडत न्हाईत. पावन्यांसंगं सोडत्यात. रान बघायचं तर पावन्यांसंगं यायचं. आनि पावन्यांचा शेवटचा मुक्काम हितंच असतो..."

बुवांनी हातानं तोंडावरचं पाणी निपटलं.

नवसूबाबाच पुढं बोलले. "बुवा, काल तुमी म्हनालात, मेलेलं मरत न्हाई."

"हो."

"मग तिला ऐकू जाईल."

"काय?"

"आत जावा. तिला सांगा, दार उघडं हाय, तू जा. मला हाक मारायची बंदी हाय. तुमाला न्हाई. तुमाला बोलायला येतं."

नवसूबाबांचा चेहरा गंभीर होता. थट्टेचा मागमूस नव्हता. एखाद्यानं वैद्याकडं औषध मागावं तसं ते मागत होते.

बुवा आत गेले.

सारवलेल्या जमिनीचा ओलसर वास येत होता. छपरावर पाऊस वाजत होता. बाजेसमोर उभं राहून त्यांनी घसा साफ केला, व्यासपीठावर करत तसा. एवढे हजारो लोक त्यांनी शांत करून घरी पाठवले होते. आणि इथं सांगायचं ते किती थोडं! जा. एक अक्षर.

"बाई..." ते म्हणाले.

पुढं काही येईना. पाठ असलेलं सगळं ओठांपर्यंत आलं आणि तिथंच थिजलं. इतकी वर्षं उघड्या दाराशी थांबलेल्या बाईला जा कसं म्हणायचं? कुठं जा म्हणायचं? त्यांना काय ठाऊक होतं, पुढं कुठं काय आहे ते? कधी ठाऊक होतं?

त्यांनी पुन्हा तोंड उघडलं.

"कौस्तुभ..."

स्वतःचाच आवाज ऐकून ते दचकले. वर्षभरात हे नाव त्यांनी घेतलं नव्हतं. तेराव्याच्या प्रवचनातही 'गेलेला जीव' म्हणून वेळ भागवली होती.

"कौस्तुभ!"

आणि मग त्यांच्या लक्षात आलं की आपण ओ यायची वाट बघतोय. कान देऊन, श्वास धरून वाट बघतोय. छपरावर पाऊस वाजत होता. कुडातून वारा येत होता. बाकी काही नव्हतं. आत्मा नव्हता, मुलगा नव्हता, ती बाईसुद्धा नव्हती. चुलीच्या जागी एक बाज होती आणि तिच्या पायाशी एक म्हातारा माणूस खाली बसला होता. त्याला उठता येत नव्हतं.

बऱ्याच वेळानं ते बाहेर आले. पाऊस ओसरला होता. नवसूबाबा तिथंच उभे होते.

"सांगितलं?"

बुवांनी मान हलवली. "नाही जमलं."

"हं..." नवसूबाबांना राग आला नाही, आश्चर्यही वाटलं नाही. त्यांनी इरलं उतरवून झटकलं. "घरात कोन हाय तुमच्या?"

"बायको."

"ती घर सोडून निघाली न्हाई?"

"नाही. त्याच्या खोलीतून हलतसुद्धा नाही."

"आनि तुमी?"

मी आहे ना तिच्याजवळ, असं बुवा म्हणणार होते. पण मुलगा गेल्यापासून त्यांनी जितकी गावं केली होती तितकी आधी कधीच केली नव्हती. आलेलं एकही बोलावणं नाकारलं नव्हतं. घरी पिशवी उतरवायची ती पुन्हा भरायलाच.

त्यांनी मान खाली घातली.

नवसूबाबांनी मान डोलावली.

"मग तुमी आमचीच रीत पाळलीत."

हे त्यांनी इतक्या साधेपणानं म्हटलं की बुवांना कुठं पाहावं ते कळेना.

त्या संध्याकाळी नवसूबाबांनी पाहुण्यांना वेताची टोपली विणून दाखवली, चकमकीवर विस्तव पाडून दाखवला. बर्वेसाहेबांनी सगळं टिपून घेतलं. मकरंद म्हणाला, "बुवा, आज समारोपाचे दोन शब्द होऊन जाऊ देत."

"आज नाही," बुवा म्हणाले.

"बरं वाटत नाही का?"

"शब्द नाहीत."

सगळे हसले. बुवांची नम्रता, असं बर्वेबाई म्हणाल्या.

अंथरूण बुवांनी बाहेर ओढून स्वयंपाकाच्या मांडवात घातलं. आत उकडतं, एवढंच मकरंदला सांगितलं.

सकाळी निघायची गडबड उडाली. सगळ्यांचा मिळून फोटो काढला गेला. मागं खोपटं यावीत म्हणून मकरंदनं नवसूबाबांना दोनदा जागा बदलायला लावली. बाबांनी मुकाट बदलली. खोपटांकडं पाठ करून ते उभे राहिले, आणि फोटो झाल्यावर तसेच, मान न वळवता, वाटेला लागले.

चालता चालता बुवा मागं पडले. ओढ्याच्या अलीकडं त्यांना राहवलं नाही. त्यांनी वळून पाहिलं. झाडांच्या फटीतून जांभळीखालचं दार दिसत होतं. उघडं. आत अंधार. एक शेकरू छपरावरून झरकन पळत फांदीवर चढली.

नवसूबाबा पाण्यात उतरून त्यांच्यासाठी हात पुढं करून थांबले होते.

बुवांनी तो हात धरला, पण पाऊल उचललं नाही.

"बाबा..."

"बोला."

"आपण इथून निघतो... तेव्हा ती काय करते?"

पाणी दोघांच्या मध्ये खळखळत होतं. पलीकडच्या काठावरून मकरंद हाका मारत होता, गवे दिसलेत, लवकर या म्हणून.

"उठती," नवसूबाबा म्हणाले. "दर खेपंला उठती. दारापातूर येती. तिला वाटतं, मी तिला न्यायला आलोय."

"आणि मग?"

नवसूबाबांनी बुवांचा हात घट्ट धरला. त्यांना पाण्यात उतरवलं. निसरड्या धोंड्यावर आधी स्वतःचं पाऊल रोवून त्यांना जागा करून दिली.

"मग मी तुमास्नी घेऊन जातो."