आळणी खरवड

चपला तिकडं काढा, मंडळी. शिळेवर पाय नको, या काठाला बसा. दगडावर हा काळा डाग दिसतोय ना, तो शेवाळाचा नाही, चुलीचा आहे. आणि हातावर जो करपलेल्या पिठल्याचा तुकडा ठेवलाय, तो मुकाट्यानं खाऊन टाका. आळणी आहे, ठाऊक आहे मला. मीठ मागू नका. आमच्या दुचांदी गावात हाच प्रसाद.

ही माघारीची शिळा. माघारी म्हणजे आमचा नाच, दोन्ही चंद्र जोडीनं उगवतात त्या संध्याकाळचा. नाचणारा डाव्या अंगानं फेऱ्या घेतो, आणि दर फेरीला शिळेवरचं एक वर्ष मागं सरतं. तो तरुण होत जातो, त्याच्याभोवती जुनी जत्रा उभी राहते. काठावरच्या कुणाला गेलेली आई बांगड्या भरताना दिसते, कुणाला आजोबा बत्तासे चघळताना. तिकडचं सगळं इकडं ऐकू येतं. इकडून मात्र ढोलकीचा तेवढा आवाज तिकडं पोचतो, तोही ठेका अखंड असेल तोवरच. समेवर थाप पडली की नाचणारा उजवीकडं वळतो आणि आपल्या वर्षात परत येतो. थाप चुकली, ठेका तुटला, की राहिला तिकडंच. असे पुष्कळ राहिले, म्हणे.

फार पूर्वी इथं सुभाना नावाचा माघारीकर होता. त्याची बायको भिवरा, तिच्यासारखी ढोलकी पंचक्रोशीत कुणी वाजवली नाही, असं सांगतात. घरात स्वयंपाक सुभानाकडं. भिवराला चुलीचं वावडं! तो हाक मारी, "भिवरे, पानं वाढलीयत!" ती म्हणे, "आले, आले!" आणि वाजवत राही. पिठलं निवून गोळा होई, भाकरी वातड होई, तेव्हा कुठं बाई उगवायच्या. "तुझ्या या 'आले आले'त माझा जन्म जाणार बघ," म्हणत तो पिठलं पुन्हा चुलीवर चढवी. भांडण कधी नाही. गोडीगुलाबीचा संसार.

असं करता करता दोघं साठीला आली. एका जत्रेत सुभाना नाचायला उतरला आणि मागं मागं जात राहिला. पिकले केस काळे कुळकुळीत झाले, पाठ ताठ झाली. भिवरानं त्याला पहिल्यांदा पाहिलं होतं, त्या जत्रेपर्यंत तो पोचला. अगदी तेच लाल मुंडासं, तीच मान वेळावण्याची लकब! भिवरा बघतच राहिली. समेला एक मात्रा उरली होती, आणि तिच्या तोंडून निघून गेलं, "वाहवा!" दाद द्यायला हात वर गेला. सम हुकली.

मग तिनं बोटं सुजेतो वाजवलं. उपयोग शून्य. सुभाना तिकडं दुसऱ्याच कुणा म्हाताऱ्याच्या ढोलकीवर नाचत होता. अजून त्याची नि भिवराची ओळखही व्हायची होती. "माझ्याच हातानं घालवला मी त्याला," म्हणून ती ढसाढसा रडली. गावानं परोपरीनं समजावलं, पण ती काठावरून हलेना. कधी कधी तिला वाटे, राहू दे का त्याला तिथंच? तिथं गुडघे दुखत नाहीत, तिथं तो किती खुशीत आहे. पण संध्याकाळ झाली की कान हाकेकडं लागत, हाक यायची नाही, आणि तिला घर आठवे.

एकदा कुणीतरी काठावर धूप लावला. वाऱ्यानं धूर आत गेला आणि आत सुभाना सटासट शिंकला. भिवरा ताडकन उठली. आवाज जात नाही, पण वास जातो की! तिनं काठावर तीन दगड मांडले, चूल पेटवली आणि जन्मात पहिल्यांदा पिठलं टाकलं. त्याचं आवडीचं, लसणाचं. आता पिठलं घट्ट होण्याची वाट बघायची. पण स्वस्थ बसेल तर ती भिवरा कसली! ढोलकी मांडीवर आली, म्हटलं एकच आवर्तन. एकाची चार झाली आणि पिठल्याचा भपकन करपट धूर सुटला.

तिकडं सुभाना नाचता नाचता थांबला. नाक फेंदारून धुराच्या दिशेनं पाहिलं. काठावरची ही पांढऱ्या केसांची बाई कोण, त्याला काही उमगलं नाही. पण चुलीवर करपतंय आणि बाई ढोलकी बडवतेय, हे बघून जीव राहतोय होय त्याचा?

"अगं ए, ढवळ की ते! बुडाला लागलंय!" ओरडत तो धावत सुटला. विचारबिचार काही नाही, थेट काठ ओलांडला. दर पावलाला वर्षं अंगावर येत गेली, म्हणे. केस पिकले, पाठ वाकली. "आई गं" करत गुडघा धरून चुलीशी टेकला, तेव्हा तो पुरता साठीचा सुभाना होता. भांडं खाली उतरवून त्यानं वर पाहिलं. "भिवरे, अगं, हे काय करून ठेवलंस?"

भिवराला हसू आवरेना आणि रडूही. तिनं पानं घेतली. त्यानं घास घेतला. "मीठ?"

"विसरले," ती म्हणाली.

त्यानं बुडाची खरवडसुद्धा खरवडून खाल्ली आणि म्हणाला, "वाहवा."

आजही माघारीला ढोलकीवाला तोंडात गुळाचा खडा धरून बसतो, दाद निसटू नये म्हणून. आजही त्याच डागावर पिठलं मुद्दाम करपवतात, आणि त्यानंतर कुणी तिकडं राहिल्याचं ऐकिवात नाही. आणखी एक रीत आहे आमची. दुचांदीत 'आलो आलो' असं दोनदा कुणी म्हणत नाही. एकदाच म्हणायचं आणि उठायचं.

ऐकलंत? आमची ही हाक मारतेय, पानं वाढलीयत.

"आलो!"

चला, उठा तुम्हीही. तिच्या पिठल्यात मीठ असतं.