डॉक्टरांचे एक वाक्य

अमेरिकेतील एका चित्रनगरीत एक वृद्ध नट राहत असत. त्रेचाळीस वर्षे त्यांनी मालिकांत आणि चित्रपटांत दुय्यम भूमिका केल्या. कधी न्यायाधीश, कधी शेजारी, कधी औषधांचे दुकानदार, आणि बहुतेक वेळा डॉक्टर. त्यांचे नाव फारसे कुणाला ठाऊक नव्हते. चेहरा मात्र सर्वांच्या ओळखीचा. बाजारात लोक थांबवून विचारीत, “आपण पूर्वी कुठे भेटलोय का?” ते हसून म्हणत, “भेटलो असू.”

मिरजेहून गेलेली एक तरुणी त्यांच्याकडे अभिनय शिकत होती. ती त्यांच्याबरोबर चित्रीकरणाला जाई आणि त्यांचे संवाद पाठ करून घेई. हे काम अर्थात फार वेळ चालत नसे. दोन वाक्ये, फार तर तीन.

एकदा मात्र एका मालिकेच्या लेखकाने वृद्ध नटाविषयीच्या आदराने त्यांना पानभर भाषण लिहून दिले. प्रसंग रुग्णालयातला होता. शस्त्रक्रिया अयशस्वी झाली आहे आणि बाहेर बसलेल्या आईला तिचा मुलगा गेल्याचे डॉक्टरांनी सांगायचे आहे. शिष्येने तीन दिवस ते पान त्यांच्याकडून म्हणवून घेतले. ते बोलू लागले की तिचे डोळे भरून येत. इतक्या वर्षांनी सरांच्या मेहनतीचे चीज होणार, असे तिला वाटले.

चित्रीकरणाच्या सकाळी तालीम झाली. तालीम संपताच वृद्ध नट दिग्दर्शकाजवळ गेले आणि म्हणाले, “यातलं पहिलं वाक्य राहू द्या. बाकीचं काढून टाका.”

लेखकाचा चेहरा उतरला. दिग्दर्शकाने थोडा विचार केला आणि होकार दिला.

मग ते आईच्या भूमिकेतील अभिनेत्रीसमोर गेले. खुर्ची ओढून बसले. म्हणाले, “तुमचा मुलगा आता राहिला नाही.” आणि गप्प राहिले. कॅमेरा कितीतरी वेळ त्या आईच्या चेहऱ्यावर होता.

जेवणाच्या सुट्टीत शिष्या त्यांच्यासमोर बसली, पण तिने ताटाला हात लावला नाही.

“सर, एवढी वर्षं वाट पाहिलीत. एक पान मिळालं, तेही परत केलंत. का?”

वृद्ध नटांनी चमचा खाली ठेवला. मग शांतपणे म्हणाले, “माझी बायको गेली तेव्हा एक डॉक्टर बाहेर येऊन माझ्याजवळ बसले होते. त्यांचं नाव मला आठवत नाही, चेहराही नाही. ती गेली, एवढं त्यांनी सांगितलं आणि ते बसून राहिले. उठायची घाई केली नाही, म्हणून मला रडता आलं. आज तालमीत मी ते पान म्हणत होतो आणि समोरची बाई माझं बोलणं संपायची वाट पाहत होती. मुलगा तिचा गेला होता आणि रडत होतो मी. तिला रडायला जागाच राहिली नव्हती.”

“पण मग तुम्ही कुणाच्या लक्षात राहणार नाही.”

“नाही राहिलो तर नाही. तिचा मुलगा राहायला हवा.”

शिष्येने विचारले, “वाईट नाही वाटलं?”

“वाटलं तर. चांगलं पाठ झालं होतं. मघाशी कपडे बदलताना शेवटचं एकदा म्हणून घेतलं.” आणि त्यांनी तिचे ताट तिच्यापुढे सरकवले. “जेव आता.”

ती जेवली, पण तिचे समाधान झाले नव्हते. आपण असतो तर ते पान सोडले नसते, हेही ती जाणून होती.

दोन महिन्यांनी तो भाग प्रसारित झाला. सरांचे काम डोळे भरून पाहायचे, या निश्चयाने ती आपल्या खोलीत दूरचित्रवाणीसमोर बसली. प्रसंग आला आणि गेला. एक परकी बाई, तिने कधी न पाहिलेला मुलगा, आणि शिष्या कितीतरी वेळ पदराने डोळे पुसत राहिली. भाग संपला, नामावली वर सरकू लागली, तेव्हा तिच्या ध्यानात आले की आपण सरांकडे पाहिलेच नाही.