हेरवाडे अंपायरांचा एचडीआर

एका गावात एक अंपायर राहत होते. त्यांचं नाव आप्पासाहेब हेरवाडे. पोटापाण्यासाठी त्यांनी साखर कारखान्यात नोकरी केली, पण गाव त्यांना ओळखत होतं ते अंपायर म्हणूनच. चेंडू आधी बॅटीला लागला की आधी पॅडला, हे बॅट्समनच्याही आधी आप्पासाहेबांना कळायचं. त्यांनी एकदा बोट वर केलं की संपलं. कुणी कितीही आरडाओरडा केला तरी ते बोट खाली येत नसे.

पुढे वय झालं. गुडघे कुरकुरायला लागले आणि मैदान सुटलं. डोळ्यांचा अभिमान मात्र सुटला नाही. पेपर वाचताना तो हळूहळू लांब जाऊ लागला, तर आप्पासाहेब म्हणत, “हल्ली शाईच पातळ वापरतात.” समोरून येणारा माणूस ओळखू आला नाही, तर म्हणत, “काय वाळलाय बिचारा!” पत्नी सुशीलाबाई चष्म्याचं नाव काढायच्या. त्यावर त्यांचं उत्तर ठरलेलं होतं.

“अगं, मला दिसत नाही असं जगात काही नाही.”

आप्पासाहेबांची लेक पद्मजा शेजारच्याच गावी चौगुल्यांच्या घरी दिलेली होती. जावई हौशी. त्याने एका दिवाळीत सासऱ्यांना आणि आपल्या वडिलांना टीव्हीवर गेम खेळायचा एकेक डबा आणून दिला. त्यात मोटारींच्या शर्यती होत्या. दोन्ही म्हाताऱ्यांना त्याचं असं वेड लागलं की देवळातून येता येताच त्यांचे हात हवेत स्टिअरिंग फिरवायला लागत. दर महिन्याला एकदा व्याही-व्याही समोरासमोर बसत आणि शर्यत लावत. कधी हे जिंकत, कधी ते.

एकदा आप्पासाहेब चौगुल्यांकडे गेले आणि पाहतच राहिले. चौगुल्यांनी नवा मोठा टीव्ही घेतला होता. गाडी बोगद्यातून बाहेर आली आणि समोरचा सूर्य असा झळकला, की आप्पासाहेबांनी कपाळावर आडवा हात धरला.

“याला एचडीआर म्हणतात, आप्पासाहेब,” चौगुले सोफ्यावर रेलून म्हणाले. “उजेड उजेडासारखा, सावली सावलीसारखी. आमच्या चिरंजीवांनी बसवून दिलाय.”

आप्पासाहेबांनी मान डोलावली. आठवड्याच्या आत त्यांच्याही दिवाणखान्यात टीव्ही आला, आणि तो चौगुल्यांच्या टीव्हीपेक्षा चांगला वीतभर जास्त रुंद होता. जावयाचा फोन आला, “बाबा, मी येऊन लावून देतो. एचडीआर जरा नीट जुळवावा लागतो.”

“काही गरज नाही,” आप्पासाहेब म्हणाले. “बघण्याचंच तर काम आहे. ते मी जन्मभर केलंय.”

मग सुशीलाबाई माहितीपुस्तक घेऊन खुर्चीत बसल्या आणि आप्पासाहेब रिमोट घेऊन मैदानात उतरले. सुरुवात बरी झाली. डब्याची वायर टीव्हीच्या योग्य त्या खाचेत बसली. त्या खाचेसाठी टीव्हीच्या मेनूत एचडीआरची जी परवानगी द्यायची असते, ती दिली. चित्र गेमच्या मोडवर ठेवलं. डब्यातही एचडीआर चालू केला. इथपर्यंत सगळं सुशीलाबाईंनी वाचलं तसं झालं.

शेवटची पायरी तेवढी राहिली. पडद्यावर एक पांढरा चौकोन आला आणि त्यात एक फिकट सूर्य.

सुशीलाबाईंनी वाचलं, “सूर्य दिसेनासा होईपर्यंत बटण दाबत राहा. तो दिसेनासा झाला की लगेच थांबा. तुमचा टीव्ही कुठपर्यंत उजेड दाखवू शकतो, हे त्यावरून डब्याला कळेल.”

आप्पासाहेबांनी बटण दाबलं. सूर्य फिकट झाला. अजून दाबलं. आणखी फिकट झाला.

“गेला बघा,” सुशीलाबाई म्हणाल्या. “थांबा आता.”

“कुठं गेला? आहे की चांगला.”

“मला तर नाही दिसत.”

“तुला चष्मा आहे म्हणून,” आप्पासाहेब म्हणाले आणि बटण दाबत राहिले.

खरं सांगायचं तर त्यांना सूर्य सुशीलाबाईंच्याही कितीतरी आधी दिसेनासा झाला होता. पण ‘दिसत नाही’ हे शब्द त्यांच्या तोंडातून निघेनात. कपाळाला घाम आला, तरी ते म्हणतच होते, “दिसतोय. अजून दिसतोय. अगदी स्पष्ट आहे.” शेवटी बटणच पुढे सरकेना, तेव्हा नाइलाजाने थांबले.

मग काळा चौकोन आला आणि त्यात एक अंधुक चांदणी. तीही दिसेनाशी होईपर्यंत बटण दाबायचं होतं. तिथेही तोच प्रकार. चांदणी कधीच विझली, पण आप्पासाहेब ती शेवटच्या टोकापर्यंत बघत राहिले.

“झालं!” ते म्हणाले. “आपला टीव्ही सगळ्यात वरच्या उजेडावर आणि सगळ्यात खालच्या अंधारावर आहे. चौगुल्यांकडे असलं नाही.”

हे मात्र शंभर टक्के खरं होतं.

रविवारी चौगुले पती-पत्नी जेवायला आले. स्वयंपाकघरात पुरण शिजत होतं. पुरणाच्या पोळ्या व्हायच्या आत एक शर्यत उरकून घ्यावी, असं ठरलं. सुशीलाबाई आणि विहीणबाई पाणी पीत मागे बसल्या. पडदा दोन भागांत वाटला गेला. वरच्या भागात चौगुल्यांची गाडी, खालच्या भागात आप्पासाहेबांची. रस्ता बर्फाच्या डोंगरातला होता.

शर्यत सुरू झाली आणि पडदा पांढराफटक झाला. डब्याला वाटत होतं, या टीव्हीत अफाट उजेड आहे. तो सगळा उजेड ओतत होता आणि टीव्हीला तो पेलत नव्हता. बर्फ पांढरा, रस्ता पांढरा, आभाळ पांढरं. जणू कुणी सगळ्या डोंगरावर चुना फासला होता. गाडीच्या मागच्या दोन लाल दिव्यांखेरीज काही म्हणजे काही ओळखू येत नव्हतं.

“वा!” चौगुले डोळे बारीक करून म्हणाले. “काय चित्र आहे!” दुसऱ्याच्या घरी येऊन मला दिसत नाही म्हणणं त्यांनाही जड जात होतं. शिवाय त्यांचाही स्वभाव काही फार वेगळा नव्हता.

“बघा की!” आप्पासाहेब म्हणाले. “कण न् कण दिसतोय.”

खर्रर्र असा आवाज येऊ लागला. दोन्ही गाड्या कठड्याला घासत चालल्या होत्या.

“हा कसला आवाज?” विहीणबाईंनी विचारलं.

“इंजिनाचा,” आप्पासाहेब म्हणाले.

तेवढ्यात बोगदा आला आणि पडदा काळाकुट्ट झाला. सुशीलाबाईंना वाटलं लाईट गेली. त्या मेणबत्ती शोधायला उठल्यासुद्धा. बोगद्यात दोन्ही गाड्या कशाला तरी धडकल्या, उलट्या फिरल्या आणि आल्या त्याच वाटेने बाहेर पडल्या. पडद्यावर एक लाल बाण उघडमीट करत मागे फिरा म्हणून सांगायला लागला.

“शाबासकी देतोय,” आप्पासाहेब म्हणाले.

“मलाही दिली,” चौगुले म्हणाले.

पुन्हा सगळं पांढरं. यावेळी दोन्ही गाड्या कशात तरी रुतून जागच्या जागी घरघरत राहिल्या. बराच वेळ काहीच हलेना, तेव्हा विहीणबाईंनी साध्या मनाने विचारलं, “समोर ते एवढं मोठं पांढरं काय आहे हो?”

“डोंगर,” आप्पासाहेब म्हणाले.

“ढग,” चौगुले त्याच क्षणी म्हणाले.

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

“डोंगर आहे, चौगुलेसाहेब. कडा दिसतोय ना.”

“कडा कुठला? ढग आहे. हलतोय बघा.”

“डोंगर कसा हलेल?”

“तेच म्हणतोय मी! हलतोय म्हणजे ढग!”

आप्पासाहेबांनी रिमोट खाली ठेवला, उभे राहिले आणि बोट वर केलं. “डोंगर. मी सांगतोय.”

“हे तुमचं मैदान नाही, आप्पासाहेब!” चौगुलेही उभे राहिले. “तुमचं बोट वर गेलं की आम्ही मुकाट घरी जायचं का? असेल तुमचं मोठं नाव. म्हणून समोर धडधडीत ढग असताना आम्हाला आंधळं ठरवता?”

“मी कुठं आंधळं म्हटलं? तुम्हीच म्हणताय.”

“म्हणजे तुम्हाला तेच म्हणायचंय!”

शब्दाने शब्द वाढत गेला. गेल्या वर्षीची एक शर्यत निघाली. मग लग्नातला मानपान निघाला, ज्यात खरं तर कुणाचंच काही अडलं नव्हतं. शेवटी चौगुल्यांनी टोपी डोक्यावर चढवली. “चला हो,” ते बायकोला म्हणाले. “या घरात आता पाणीसुद्धा नको. आणि पद्मजालाही सांगून ठेवतो, इकडं वरचेवर यायची गरज नाही.”

विहीणबाईंचा चेहरा पडला. सुशीलाबाई दारात आडव्या उभ्या राहिल्या. त्या नवऱ्याकडे पाहत राहिल्या.

आप्पासाहेबांनी पडद्याकडे पाहिलं. ते पांढरं अजून तिथेच होतं. डोंगर म्हणावं तर डोंगर, ढग म्हणावं तर ढग. एक शब्द मागे घेतला तर लेकीचं माहेर राहणार होतं. पण कोणता शब्द? ‘ढग’ म्हटलं तरी ते खोटंच झालं असतं. त्यांचं वर गेलेलं बोट अजून वरच होतं. ते त्यांनी हळूच खाली घेतलं.

“थांबा, पाव्हणं,” ते म्हणाले. “मला दिसत नाही.”

“काय दिसत नाही?”

“काहीच दिसत नाही. डोंगर नाही, ढग नाही, रस्ता नाही. सुरुवातीपासून काही दिसलेलं नाही. हा टीव्ही जुळवतानाही मला दिसत नव्हतं. दिसतंय दिसतंय म्हणून मीच चित्राचं वाटोळं केलं.”

चौगुल्यांनी टोपी काढली आणि सोफ्यावर टेकले.

“मलाही,” ते खाली बघत म्हणाले, “जरा कमीच दिसत होतं.”

“जरा?” विहीणबाई म्हणाल्या. पुढे त्यांना हसू आवरेना. सुशीलाबाईंनी पदर तोंडाला लावला, पण खांदे हलायचे राहिले नाहीत.

मग सुशीलाबाई पुन्हा माहितीपुस्तक घेऊन बसल्या. पांढरा चौकोन आला, फिकट सूर्य आला. आप्पासाहेबांनी बटण दोन-चारदा दाबलं आणि म्हणाले, “गेला.”

“अहो, कुठं गेला?” सुशीलाबाई म्हणाल्या. “चांगला ठळक आहे.”

“हो की,” विहीणबाई म्हणाल्या. “मलाही दिसतोय.”

चौगुले छताच्या पंख्याकडे बघत राहिले.

आप्पासाहेबांनी रिमोट बायकोच्या हातात दिला. “तू जुळव,” ते म्हणाले. “तुझ्या डोळ्यांनी.”

सुशीलाबाईंनी सूर्य जिथे दिसेनासा झाला तिथे हात थांबवला. चांदणी जिथे विझली तिथेही थांबवला. गेम पुन्हा सुरू झाला आणि बर्फाला निळसर सावल्या फुटल्या. कड्यांवर ऊन आलं. बोगद्याच्या भिंतीवरची ओलसुद्धा चमकायला लागली. विहीणबाई “अगं बाई!” म्हणून पुढे सरकल्या. आणि गाड्या जिथे रुतल्या होत्या त्या वळणावर येताच सुशीलाबाईंनी ते मोठं पांढरं काय आहे ते सांगितलं. तो डोंगर नव्हता. ढगही नव्हता. तो एक भलामोठा फलक होता, आणि त्यावर डावीकडे वळा म्हणून हातभर लांबीचा बाण रंगवलेला होता.

“बाण आहे वाटतं,” चौगुले म्हणाले.

“असं सुशीला म्हणते,” आप्पासाहेब म्हणाले. “मला अजूनही धूसरच दिसतंय.”

त्या दुपारी पुरणपोळ्या पोटभर झाल्या. पद्मजाचा फोन आला तेव्हा तिला भांडणाचा पत्ताही लागू दिला नाही. दोन दिवसांनी मात्र सुशीलाबाई आणि विहीणबाई आपापल्या नवऱ्यांना घेऊन तालुक्याच्या डोळ्यांच्या दवाखान्यात गेल्या.

आप्पासाहेबांचा नंबर आधी लागला. डॉक्टरीणबाईंनी अक्षरांचा तक्ता दाखवला. आप्पासाहेबांनी वरच्या ओळी वाचल्या आणि मग थांबले.

“इथून पुढं दिसत नाही,” ते म्हणाले. दुसऱ्यांदा म्हणताना ते शब्द इतके सोपे गेले, की त्यांचं त्यांनाच नवल वाटलं.

“मोतीबिंदू आहे,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “पण वेळेवर आलात. छोटंसं ऑपरेशन आहे. पूर्वीसारखं दिसेल.”

आप्पासाहेब आनंदाने बाहेर आले. दारापाशी चौगुले बसले होते. दार अर्धवट उघडं होतं. चौगुल्यांनी हातातल्या छोट्या दुर्बिणीतून आतल्या तक्त्याकडे नजर लावली होती आणि ओठातल्या ओठात ते काहीतरी पुटपुटत होते. मध्येच डोळे मिटून पुन्हा म्हणून बघत होते.

आप्पासाहेब शेजारी बसले. त्यांनी पाहुण्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला.

“पाव्हणं, पाठ करू नका,” ते हळूच म्हणाले. “तपासणी पाठांतराची नाही, डोळ्यांची आहे.”

चौगुल्यांनी दुर्बीण खिशात घातली, टोपी सारखी केली आणि आत जाऊन पहिल्याच ओळीला सांगून टाकलं, की मला दिसत नाही.

तात्पर्य: आपल्याला कुठपर्यंत दिसतं हे ज्याला प्रामाणिकपणे सांगता येतं, त्यालाच पुढचं दिसण्याची वाट सापडते. जो सगळंच दिसतं म्हणतो, त्याला समोरचा बाणही दिसत नाही.