रोजचा एक चिरा

एका डोंगराच्या पोटाशी एक गाव होतं आणि त्या गावात एक चिरे काढणारा राहत होता. तांबड्या जांभ्या दगडाच्या खाणीत उतरायचं, टिकावाने दगड फोडून त्याचे सारखे चौकोनी चिरे पाडायचे आणि घरं बांधणाऱ्यांना विकायचे, हा त्याचा धंदा. अंगाने धिप्पाड, हाताने सरळ. काटकोन मापायचा गुण्या न लावता त्याचा चिरा काटकोनात उतरे. प्रत्येक चिऱ्याच्या एका अंगाला तो टिकावाचे तीन तिरपे घाव घाली. ती त्याची खूण. खाणीत प्रत्येकाची अशी खूण असे, म्हणजे कोणाचा चिरा कोणता यावरून भांडण नको.

गावातल्या निम्म्या भिंतींवर त्याची खूण होती. तो स्वतः मात्र कुडाच्या घरात राहायचा. कारवीच्या काठ्या आणि त्यावर शेणमाती. पावसाळ्यात भिंतींना ओल यायची आणि जमिनीतून वाळवी चढायची. पारावर एक म्हातारा बसलेला असे. तो याला जाता-येता विचारायचा, "काय रे, तुझ्या घरापुरती खाण शेणाची निघाली का?"

चिरेवाला हसून पुढे जायचा. पण ते त्याला लागायचं.

गावच्या खोताचं एक घर रिकामं पडलं होतं. भिंती चिऱ्यांच्या, वर कौलं, पुढे ऐसपैस ओटी, मागे विहीर. चिरेवाल्याने एक दिवस धीर केला आणि खोताकडे ते घर मागितलं. आपल्याजवळ पैसा नाही, दोन हात आहेत, असं त्याने सांगितलं.

खोत सरळ माणूस होता. गोड बोलत नसे आणि खोटंही बोलत नसे. त्याने कारकुनाला वही काढायला लावली आणि व्यवहार सांगितला. भिंती, लाकूड, कौलं सगळं धरून घराची किंमत बत्तीसशे चाळीस चिरे. फेडायचे राहतील त्यातल्या दर दहा चिऱ्यांमागे वर्षाला एक चिरा वाढ. तो खोताचा हक्क. पावसाळ्यात खाण बंद असते म्हणून सूट नाही, त्या दिवसांचे चिरे आधीच काढून ठेवायचे. घरात आजच राहायला जावं.

"रोज किती देशील ते तू सांग," खोत म्हणाला. "एक दे, दोन दे. बोलशील ते लिहून घेऊ."

चिरेवाल्याने एक दिवस मागून घेतला आणि घरी येऊन बायकोला सगळं सांगितलं. तो दिवसाला आठ चिरे काढायचा. चार पोटाला जायचे. उरलेल्या चारांत मासळी, कपडालत्ता, सणवार, जत्रा. एक खोताला दिला तर काही अडणार नव्हतं. दोन दिले तर मासळी सुटली असती आणि जत्रेला जुन्याच लुगड्यावर जावं लागलं असतं.

बायको तांदूळ निवडत होती. तिने हात थांबवला.

"रोज एक. पण किती दिवस?"

"फिटेपर्यंत."

"म्हणजे किती? दोन दिले तर लवकर सुटू का? विचारलंत का?"

"एक चिरा म्हणजे माझ्या मानेवर माशी," तो म्हणाला. "माशी बसली म्हणून कोणी पंचांग बघत नाही."

दुसऱ्या दिवशी कारकुनाने वहीत लिहिलं, रोज एक चिरा. चिरेवाल्याने अंगठा उठवला. नव्या घरात दिवा लागला. पारावरचा म्हातारा त्या दिवशी काही बोलला नाही, आणि चिरेवाल्याला तेवढ्यानेच सगळं मिळाल्यासारखं वाटलं.

मग रोज सकाळी तो डोक्यावर चुंबळ ठेवायचा, तिच्यावर चिरा घ्यायचा आणि खाणीपासून खोताच्या अंगणापर्यंत चालत जायचा. आंब्याखाली चिरा ठेवायचा. कारकून वहीत रेघ ओढायचा. आंब्याखाली रास वाढायची, मग एक दिवस ती नाहीशी व्हायची आणि पुन्हा पहिल्यापासून वाढू लागायची. चिरे कुठे जातात हे त्याने विचारलं नाही. दिलेल्या वस्तूची चौकशी करायची नाही, असा त्याचा बाणा.

चौथ्या वर्षी खाणीत पाय घसरून त्याची मान दुखावली. दोन महिने तो पाठीवर पडून होता. साठ चिरे चुकले. खोताने तगादा लावला नाही. कारकुनाने ते साठ चिरे उरलेल्यात मिळवले आणि त्यांच्यावरही दहामागे एक वाढ धरली. चिरेवाला उठला तेव्हा मान पहिल्यासारखी राहिली नव्हती. एक चिरा ती पेलायची. दुसऱ्याला नाही म्हणायची. पुढच्या वर्षी त्याला मुलगी झाली.

दहा वर्षं झाली तेव्हा त्याने मनाशी हिशेब केला. वर्षाचे तीनशे साठ, दहा वर्षांचे छत्तीसशे, त्यातून आजारातले साठ वजा. घराची किंमत तर केव्हाच मागे पडली. वाढीचे थोडे राहिले असतील. वर्ष, दोन वर्षं. त्या सकाळी चिरा ठेवल्यावर तो कारकुनापाशी थांबला आणि किती राहिले म्हणून विचारलं.

कारकुनाने वही पाहिली. "सत्तावीसशे बहात्तर."

चिरेवाल्याला वाटलं, याने दुसऱ्या कोणाचं पान काढलं. कारकुनाने पान फिरवून त्याचा अंगठा दाखवला. मग ओंजळभर चिंचोके घेतले आणि ओटीवर मांडून समजावलं. पहिल्या वर्षी बत्तीसशे चाळीस फेडायचे होते. दहामागे एक म्हणजे वाढ झाली तीनशे चोवीस. तू दिलेस तीनशे साठ. तीनशे चोवीस वाढीत गेले.

"उरले छत्तीस," कारकून म्हणाला. "पहिल्या वर्षभरात घराचे तेवढेच तुझे झाले. छत्तीस चिऱ्यांत तुळशीवृंदावन होतं. घर होत नाही."

"हे मला आधी का नाही सांगितलं?"

"तू रोज इथे येतोस. दहा वर्षांत आज विचारलंस."

कारकुनाने एक वाट सांगितली. आजपासून दोन दिलेस तर पाच वर्षांत सुटशील. एकच देत राहिलास तर आणखी पंधरा वर्षं जातील. चिरेवाल्याने मानेवरून हात फिरवला. दोन त्याच्याने होणार नव्हते. मजूर लावून दुसरा पाठवता आला असता, पण मग गावाने विचारलं असतं, आणि उत्तर द्यायचं तर आपण चुकलो हे बोलावं लागलं असतं. त्याने रिकामी चुंबळ उचलली आणि तो खाणीकडे गेला. घरी यातलं एक अक्षर बोलला नाही. बायकोनेही विचारलं नाही. तिने एकदा विचारून पाहिलं होतं.

पंधरा वर्षं अशीच गेली. त्याचे केस पिकले. मान एका बाजूला कलली ती कललीच. मुलगी मोठी झाली, तिचं लग्न झालं. जावईही चिरेच काढायचा. पलीकडच्या गावचा, तरणाबांड, बोलण्यात पुढे. सासऱ्याला मान द्यायचा. सासराही जावयापुढे ताठ बसायचा. जावयापुढे आपलं उणं काढू नये, ही तिथली रीत.

शेवटचा चिरा आंब्याखाली ठेवला त्या दिवशी खोताने त्याच्या हातात नारळ दिला. वहीतल्या पानावर आडवी रेघ मारली. पंचवीस वर्षांत नऊ हजारांवर चिरे गेले होते. चिरेवाल्याने नारळ घरी आणून देवापुढे ठेवला आणि तो ओटीवर जाऊन बसला. आता हे घर त्याचं होतं.

महिनाही झाला नाही तोच मुलगी आणि जावई आले. दोघं आनंदात होती. खोताने गावाबाहेर एक नवं घर बांधलं होतं, ते त्यांनी घ्यायचं ठरवलं होतं. दुसऱ्या दिवशी अंगठा उठवायचा होता. त्याआधी वडीलमाणसाने घर पाहावं, म्हणून ती दोघं त्याला घेऊन गेली. खोत आणि कारकून तिथे आधीच आले होते.

घर चांगलं होतं. ओटी ऐसपैस, मागे विहीर. बाहेरून अजून गिलावा झाला नव्हता. जावयाने दार उघडून दाखवलं, खिडकी लावून दाखवली. व्यवहार तोच होता. किंमत तीच, दहामागे एक.

"रोज एकच चिरा, मामा," जावई म्हणाला. "एवढा तर मी न्याहारीच्या आधी काढतो. डोक्यावर टोपी घातल्यासारखं."

चिरेवाला भिंतीजवळ उभा होता.  हात सहज भिंतीवर गेला आणि बोटांना तीन घाव लागले. तिरपे. त्याने बाजूच्या चिऱ्यावर बोटं ठेवली. तिथेही तीन. वरच्या चिऱ्याला तीन, खालच्या चिऱ्याला तीन. तो भिंतीच्या कडेकडेने चालत कोपऱ्यापर्यंत गेला. काही चिऱ्यांची खूण आत गेली होती. ज्यांची बाहेर होती, त्यांवर दुसऱ्या कोणाची नव्हती.

मुलगी त्याच्यामागून आली. लहानपणी ती त्या घावांत बोट घालून एक, दोन, तीन म्हणायला शिकली होती. तिने भिंत पाहिली.

"बाबा, ही तुमची खूण."

"हो."

"सगळ्याच चिऱ्यांवर आहे."

जावई हसत पुढे आला. मामांच्याच हातच्या चिऱ्यांत आपण राहणार, म्हणजे घर पक्कं, असं तो म्हणाला. त्याने खोताकडे पाहून मान डोलावली. आता फक्त अंगठा उठायचा होता.

चिरेवाल्यासमोर दोन गोष्टी होत्या. गप्प राहिला असता तर जावयापुढे त्याचा ताठा राहिला असता, आणि मुलीच्या घरातून पंचवीस वर्षं रोज सकाळी एक चिरा बाहेर पडला असता. बोलायचं तर खोताच्या, कारकुनाच्या आणि जावयाच्या देखत बोलायला हवं होतं. तो भिंतीकडून जावयाकडे वळला. 

"जावईबापू, हे घर माझ्या चिऱ्यांचं. वेशीजवळ वाणी राहतो, ते खोतांचं घर असंच उभं राहिलं असणार. खोतांचा गोठा आणि आवाराचा गडगाही. एवढं सगळं दिलं आणि मला मिळालं एक घर. रोज किती, एवढंच मी पाहिलं. किती दिवस ते विचारलं नाही. तुमच्या सासूबाईंनी विचारलं होतं. मी त्यांना माशी सांगितली."

 जावयाचं हसू गेलं.

"खोतांनी फसवलं नाही," चिरेवाला म्हणाला. "ते विचारलं तर सांगतात. विचारा."

जावयाने खोताला विचारलं. खोताने कारकुनाकडे पाहिलं. कारकुनाने खिशातून चिंचोके काढले आणि नव्या ओटीवर मांडले. रोज एक दिला तर चोवीस वर्षं, वर दोन महिने. एकही दिवस न चुकता. रोज दोन दिले तर सव्वासहा वर्षं.

जावयाला ते खरं वाटेना. एकाचे दोन केले तर चोविसाची बारा व्हायला हवीत, सहा कशी होतील, असं तो म्हणाला. कारकुनाने पुन्हा मांडून दाखवलं. पहिला चिरा जवळजवळ सगळा वाढच खाते. दुसरा चिरा सगळाच्या सगळा घराला लागतो.

"दोन," मुलगी म्हणाली.

"मासळी सुटेल," जावई म्हणाला.

"सहा वर्षं सुटेल. चोवीस वर्षांनी दात तरी राहतील का मासळी खायला?"

कारकून हसला. खोतही हसला. जावयाने मान खाली घातली आणि दोन लिहा म्हणून सांगितलं.

"तीन लिहा," चिरेवाला म्हणाला.

सगळ्यांनी त्याच्याकडे पाहिलं.

"तिसरा माझा. मला पोचवायची सवय आहे. मान एक पेलते."

जावयाने नको म्हणून पाहिलं. सासऱ्याचं घेतलं तर लोक नावं ठेवतील, असं त्याचं म्हणणं. लोकांच्या तोंडापायीच आपण पंचवीस वर्षं चाललो, असं चिरेवाल्याने त्याला सांगितलं, आणि तो विषय तिथे संपला. कारकुनाने काही चिंचोके बाजूला सारले, काही पुढे ओढले आणि मान वर केली.

"तीन दिले तर पावणेचार वर्षं."

त्या संध्याकाळी चिरेवाला घरी आला. बायको चुलीशी होती. तो तिच्याजवळ पाटावर बसला. पूर्वी तो ओटीवर बसायचा.

"तू विचारलं होतंस," तो म्हणाला.

"विचारलं होतं," ती म्हणाली आणि तिने त्याच्यापुढे ताट केलं.

पावणेचार वर्षं रोज सकाळी आंब्याखाली तीन चिरे पडत गेले. दोन जावयाच्या खुणेचे, एक तीन घावांचा. मुलीच्या घरात पेज शिजली, मासळी शिजली नाही. जत्रेला ती जुन्या लुगड्यावर गेली. दर वर्षी एकदा ती कारकुनाकडे जाऊन किती राहिले ते विचारून यायची. पावणेचार वर्षं भरली त्या दिवशी खोताने पानावर आडवी रेघ मारली आणि इतक्या लवकर आजवर कोणी सुटलं नव्हतं, असं म्हणाला. नारळ त्याने मुलीच्या हातात दिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी चिरेवाला सवयीने उठला आणि खुंटीकडे गेला. खुंटीवर चुंबळ नव्हती. बायकोने ती चुलीत घातली होती.

तात्पर्य: घर कर्जाने घ्यावं की नाही, हे ज्याचं त्याने ठरवावं. पण ओझं हलकं लागलं म्हणून उचलू नये. ते घेऊन किती चालायचं आहे, हे आधी विचारावं.